रावणाची तारीख

सूर्यमाळजवळचा पाडा
२० जानेवारी २०२५

प्रिय विद्या,

पत्र पाहून हसू नकोस. फोन लावायचा तर मला टेकडीवरच्या मोहाच्या झाडापर्यंत चढावं लागतं, आणि तिथे वारा माझं निम्मं बोलणं घेऊन जातो. मागच्या वेळी मी एवढी बोलले आणि तू नुसती "हॅलो, हॅलो" करत राहिलीस. म्हणून हे पत्र मुक्कामी गाडीच्या कंडक्टरकडे देते आहे. तो तुझ्या पप्पांच्या दुकानात टाकेल. तूही उत्तर तसंच पाठव.

आपल्या अपिलाला पालघरच्या कोर्टाने सोळा जूनची तारीख दिली, असा तुझा निरोप मिळाला. विद्या, बोहाडा चैत्रात आहे. चैत्रात गाव देवांची सोंगं काढणार, त्यात रावणही निघणार, आणि जूनमध्ये कोर्ट सांगणार की रावण कोणाचा. तोवर जिवा चौथ्यांदा नाचून मोकळा झालेला असेल. चार वर्षं एकाच माणसाने सोंग नाचवलं की गाव विसरतं, ते आधी कोणाचं होतं.

बाबा अठ्ठ्याहत्तरचा आहे. आमच्या घराण्याकडे रावण पणजोबांपासून. दहा तोंडांचा तो भला मोठा मुखवटा तोंडावर घेऊन, पाठीला दोऱ्यांनी बांधून नाचायचं म्हणजे खेळ नाही, सगळ्या सोंगांत जड तोच. आई गेली त्या वर्षी घरात सुतक होतं म्हणून माझा चुलतभाऊ जिवा रावण घेऊन गेला, एका वर्षापुरता. पुढच्या वर्षी बोहाड्याच्या समितीने त्याचंच नाव पुकारलं, त्याने नाही म्हटलं नाही, आणि बाबाचं डोकं फिरलं. तेव्हापासून दोन घरांत बोलणं नाही.

कोणी विचारलं की बाबा एकच वाक्य म्हणतो, "माळ्यावरून नेला, खांद्यावरून नाय नेला." आमच्याकडे सोंग देताना संबळ वाजत असताना एकाच्या खांद्यावरून दुसऱ्याच्या खांद्यावर देतात. मध्ये जमिनीला टेकू देत नाहीत. जिवाने ते आमच्या माळ्यावरून उतरवून नेलं होतं.

तारीख अलीकडे येईल का, तेवढं बघ.

तुझी,
रंजना

•

जव्हार
२७ जानेवारी २०२५

रंजने,

कंडक्टरने पत्र दिलं आणि पप्पांनी ते माझ्या आधी वाचलं. त्यांचा प्रश्न असा की सगळ्या जगाला राम व्हायचं असतं, तुम्ही रावणासाठी कोर्टात कसे गेलात. मी म्हटलं, तुम्ही रंजनाच्या बाबांना, पुंजाकाकांना, नाचताना पाहिलं असतं तर विचारलं नसतं. शाळेत असताना तुझ्याबरोबर आले होते तेव्हाचं मला अजून आठवतं. दहा तोंडं हलत होती आणि खाली दोन पाय मातीला नुसते शिवत होते.

आता कामाचं. "माळ्यावरून, खांद्यावरून" हे मी खालच्या कोर्टात सांगून पाहिलं. तिथे त्याचा उपयोग झाला नाही, जिवा तीन वर्षं नाचतोय यावर सगळं अडलं आणि आपण हरलो. अपिलात मी सुतकाच्या मुद्द्यावर भर देणार आहे.

लवकर सुनावणीचा अर्ज करता येतो. पण त्याला कारण जबरदस्त लागतं. नुसता सण जवळ आला म्हणून तारीख अलीकडे येत नाही, सण सगळ्यांच्याच घरी असतात. सगळ्यात चालणारं कारण म्हणजे वय आणि आजारपण. काकांची तब्येत कशी आहे, ते खरं खरं कळव. नेहमीसारखं "बरंय बरंय" लिहू नकोस.

विद्या

•

पाडा
३ फेब्रुवारी २०२५

प्रिय विद्या,

तू खरं सांग म्हणालीस म्हणून सांगते. एरवी मी "बरंय" लिहिलं असतं आणि ते खोटंही नसतं. गेल्या आठवड्यापर्यंत बाबा राबासाठी, पावसाआधी भाताची जमीन भाजायला, झाडावर चढून फांद्या तोडत होता.

पण परवा समितीची बैठक झाली. सोंगांची नावं पुकारली. रावण, जिवा. बाबा बैठकीतून उठून घरी आला, घोंगडी ओढली आणि भिंतीकडे तोंड करून पडला तो पडलाच. जेवत नाही. पेज समोर ठेवली तर तशीच राहते. आई गेली तेव्हासुद्धा हा असा पडला नव्हता. मी अंगणवाडी सुटली की सासरच्या पाड्यावरून धावत येते, त्याच्या उशाशी बसते, तो माझ्याशीही बोलत नाही. विद्या, मला भीती वाटते आहे.

मला कायद्यातलं कळत नाही. तुला योग्य वाटेल ते लिही, पण तारीख आण.

रंजना

•

जव्हार
१२ फेब्रुवारी २०२५

रंजने,

तुझं पत्र वाचून मी त्याच दिवशी अर्ज लिहायला बसले आणि पालघरला जाऊन दाखलही केला. मसुदा इतका चांगला उतरलाय की माझीच मला पाठ थोपटावीशी वाटते. हे वाच: "अर्जदार हे वयोवृद्ध असून दुर्धर आजाराने अंथरुणास खिळलेले आहेत. ते हालचालीस पूर्णपणे असमर्थ असून त्यांच्या आयुष्याची शाश्वती नाही. त्यांच्या हयातीत निर्णय व्हावा, ही त्यांची अंतिम इच्छा आहे." शेवटच्या ओळीला माझेच डोळे भरून आले.

थोडा मीठमसाला आहे, पण अर्जात तेवढा लागतोच. आमच्याकडे प्रत्येक अर्जदार अंथरुणालाच खिळलेला असतो.

नियमाप्रमाणे अर्जाची प्रत जिवाला रजिस्टरने पाठवली आहे. त्याने आपलं म्हणणं मांडायचं. अर्जावर सत्तावीस फेब्रुवारीला सुनावणी आहे. तू काकांची काळजी घे, त्यांना मोसंबीचा रस दे. बाकी माझ्यावर सोड.

विद्या

•

पाडा
१९ फेब्रुवारी २०२५

विद्या,

तुझी प्रत जिवाला मिळाली.

काल दुपारी मी बाबाच्या अंगणात नागली पाखडत होते. चढावरून रडण्याचा आवाज आला. बघते तर जिवा, त्याच्या मागे त्याची बायको रामी, मागे पोरं. जिवाच्या काखेत कोंबडी आणि हातात तुझा कागद. दोन वर्षं ज्याने या अंगणाकडे पाहिलं नाही, तो लहान मुलासारखा रडत येत होता. रामीने तर पदर तोंडावर घेतला होता.

आता बाबा कुठे होता ते ऐक. तो दोन दिवस रुसून पडला आणि तिसऱ्या दिवशी उठून म्हणाला, पाऊस कोनासाठी थांबत नाय, आणि कोयता घेऊन गेला. तुला हे कळवायचं माझ्याकडून राहून गेलं. तर काल तो बांधावरच्या ऐनावर चढून राबाच्या फांद्या तोडत होता. जिवा बरोबर त्या झाडाखालून गळा काढून चालला होता. वरून बाबाने विचारलं, "कोन मेला रं?"

जिवा थांबला, त्याने वर पाहिलं आणि म्हणाला, "तू."

मला हसू आलं तेवढंच, पुढचं हसण्यासारखं नव्हतं. बाबा खाली उतरला, आणि जिवाने त्याला तुझा अर्ज मोठ्याने वाचून दाखवला. अंथरुण. असमर्थ. शाश्वती नाही. बाबाचा चेहरा असा झाला की मी नागलीचं सूप खाली ठेवलं. जिवा म्हणाला, "खोट्या कागदावर रडवलंत मला." आजाऱ्यासाठी आणलेली कोंबडी त्याने परत नेली नाही, माझ्या हातात दिली, आणि पोरांना घेऊन चालू लागला.

मग बाबा माझ्यावर ओरडला. त्याचं म्हणणं, तुमच्या वकीलबाईने रावणाला खाटेवर झोपवलं. ज्याला उठता येत नाही तो दहा तोंडं उचलणार कशी, हे कोर्ट विचारणार नाही का? विद्या, हे ना तुला सुचलं ना मला. आपण मागतोय सोंग नाचवायचा मान, आणि अर्जात लिहितोय की माणसाला हलता येत नाही.

तो कागद मागे घे. बाबा म्हणतो, खोटं लिहून मिळालेली तारीख त्याला नको. हे म्हणताना तो ताठ उभा होता, आणि खरं सांगू, मला त्याचा इतका अभिमान वाटला की ओरडा खाल्लेला कळलाच नाही. रात्री तीन भाकऱ्या जेवला.

रंजना

•

जव्हार
२२ फेब्रुवारी २०२५

रंजने,

तुझं पत्र मी दोनदा वाचलं. पहिल्यांदा रागावले, तुझ्यावर, की काका उठले हे कळवलं का नाहीस. दुसऱ्यांदा वाचलं तेव्हा राग माझ्यावरच आला. इतकी वर्षं वकिली करून माझा हातच तसा वळलाय. अशील समोर आला की मी त्याला आधी म्हातारा करते, मग आजारी, मग लाचार. काकांना मी शाळकरी वयापासून ओळखते आणि त्यांनाही लाचार करून टाकलं. त्यांची माफी मागते, तुझ्यामार्फत नाही, समोर आल्यावर मागेन.

अर्ज मागे घेते आहे. नवा केला आहे, तीन ओळींचा. "अर्जदार धडधाकट आहे. बोहाडा चैत्रात आहे. अपील त्याआधी ऐकावे, ही विनंती." इतका छोटा अर्ज मी आजवर केला नव्हता. टंकलेखक मला विचारत होता, बाई, पुढचं पान कुठाय.

पण तुला अंधारात ठेवत नाही. हा अर्ज फेटाळला जाण्याची शक्यता जास्त आहे. जिवाचा वकील आधीचा अर्ज दाखवून म्हणेल की ही माणसं खोटं बोलतात, आणि त्याचं चुकणार नाही. कोर्ट विचारेल, घाई कशाला. त्याचं उत्तर माझ्याकडे नाही. ते काकांनाच द्यावं लागेल. सत्तावीसला त्यांना पालघरला पाठव.

विद्या

•

पाडा
२५ फेब्रुवारी २०२५

प्रिय विद्या,

बाबा येतो. मला येता येत नाही, त्या दिवशी अंगणवाडीत पोरांची वजनं आहेत आणि वरून बाई तपासणीला येणार आहेत. सकाळच्या एसटीत मी त्याला बसवून देईन. त्याला काय बोलायचं ते शिकवायला जाऊ नकोस, तो ऐकणार नाही. त्याने पांढरा सदरा धुऊन ठेवलाय. मी काठी ने म्हणाले तर माझ्याकडे असं बघितलं की मी काठी परत कोपऱ्यात ठेवली.

जिवाकडून काहीच कळत नाही. त्याची कोंबडी मात्र इथे अंडी घालते आहे.

रंजना

•

जव्हार
२८ फेब्रुवारी २०२५

रंजने,

तू बाबांना एसटीत बसवून दिलंस ना? मग ऐक, ते पालघरला कशातून उतरले. मी कोर्टाच्या फाटकापाशी वाट बघत उभी होते. एक मोटारसायकल आली. पुढे जिवा, मागे पुंजाकाका, पांढऱ्या सदऱ्यात, पाठ सरळ.

एसटी वाटेत बंद पडली म्हणे. काका उतरून चालायला लागले. मागून जिवा येत होता, तोही याच तारखेला निघालेला. त्याने गाडी थांबवली आणि म्हणाला, "कागदात लिवलंय तुला चालता येत नाय. बस." काका बसले. पालघरपर्यंत दोघं एकमेकांशी एक शब्द बोलले नाहीत. उतरल्यावरही एक बाकाच्या या टोकाला, दुसरा त्या टोकाला.

पुकारा झाला. न्यायाधीश बाईंनी माझे दोन्ही अर्ज शेजारी शेजारी ठेवले आणि मला विचारलं, "वकीलबाई, अंथरुणाला खिळलेले ते हेच का?" मी म्हटलं, "होय. चूक माझी आहे, अशिलाची नाही." कोर्टात लोक हसले. रंजू, एवढी मान खाली मी कधी घातली नव्हती.

मग त्यांनी काकांना पुढे बोलावलं आणि विचारलं की जूनमध्ये ऐकलं तर काय बिघडेल. त्यांना खुर्ची द्यायला सांगितली. काका बसले नाहीत. त्यांचं बोलणं मी जसंच्या तसं लिहिते, कारण आता ते मला पाठ झालंय.

"बाई, जूनात मी असंन. मी मरत नाय. पन जूनात रावन नसतो. आज अंगात ताकद हाय म्हनून आज मागतो. पडल्यावर मागून काय करू?"

जिवाचा वकील हरकत घ्यायला उठला होता. जिवाने मागून त्याचा कोट धरून ओढला. न्यायाधीश बाईंनी ते पाहिलं आणि त्यालाच विचारलं, तुमची हरकत आहे का. जिवा म्हणाला, हरकत नाही, लवकर ऐका, काका उभा आहे तोवर ऐका.

वीस मार्च. अपील त्याच दिवशी ऐकणार. मी बाहेर येऊन काकांच्या पाया पडले. ते म्हणाले, नव्या अर्जाची एक प्रत मला दे. दिली.

परत जातानाही मोटारसायकलच होती. बोलणं नव्हतंच.

विद्या

•

पाडा
५ मार्च २०२५

प्रिय विद्या,

मला यातलं एक अक्षर कोणी सांगितलं नाही. बाबा घरी आला, म्हणाला, "वीसला जायचंय," आणि जेवायला बसला. मोटारसायकलबद्दल विचारलं तर म्हणतो, गाडी बरी आहे, पोरगा जरा जोरात हाकतो.

तुझं पत्र मी अंगणात मोठ्याने वाचलं. ऐकत नाही असं दाखवत तो दोर वळत बसला होता. "मी मरत नाय" आलं तेव्हा त्याचे हात थांबले. बाकी सगळं मी वीसला डोळ्यांनी बघेन, मी रजा घेतली आहे.

तुझी अर्जाची प्रत त्याने देवाच्या फळीवर ठेवली आहे. संध्याकाळी दिवा लावला की मला म्हणतो, पहिली ओळ वाच.

रंजना

•

जव्हार
२५ मार्च २०२५

रंजने,

काल निकाल लागला. अपील मंजूर. सुतकाच्या वर्षी सोंग दुसऱ्याकडे गेलं म्हणजे मान सोडला असं होत नाही, असं कोर्टाने स्पष्ट म्हटलंय. रावण पुंजाकाकांचा.

हे सांगायला मी पप्पांना फोन लावला आणि बोलत बोलत कोर्टाच्या पायऱ्या उतरले, त्यातली शेवटची मला दिसलीच नाही. घोटा मोडलाय. गुडघ्यापर्यंत प्लास्टर आहे. म्हणजे आता मी अंथरुणास खिळलेली असून हालचालीस पूर्णपणे असमर्थ आहे. हसून घे.

मला उचललं कोणी? जिवाने. निकाल ऐकायला तो आला होता, हरला होता, आणि आपल्याविरुद्धच्या वकिलाला रिक्षात घालून दवाखान्यात घेऊन गेला. मला त्याच्याकडे बघवेना. मी म्हटलं, वाईट वाटून घेऊ नका. तो म्हणाला, "काकाला सांगा, रावन पाडव्याच्या आधी घरी आनून ठेवतो. रंगवून. तसाच नाय देनार."

बोहाड्याला मला येता येणार नाही. तू सगळं लिहून पाठव, काही गाळू नकोस.

विद्या

•

पाडा
९ एप्रिल २०२५

प्रिय विद्या,

घोटा कसा आहे? या पत्राबरोबर कंडक्टरकडे अंडी पाठवते आहे, जिवाच्याच कोंबडीची. पप्पांना सांग, फोडू नका.

जिवाने बोलल्याप्रमाणे रावण आणला. दहाही तोंडं नव्याने रंगवलेली, मिशा काळ्याभोर, मुकुटाला सोनेरी. असा रंग त्याला मी कधी पाहिला नव्हता. जिवा उंबऱ्याबाहेरच थांबला. बाबा म्हणाला, जिथून नेला तिथं ठेव. जिवाने आत येऊन तो माळ्यावर ठेवला आणि पाणी न पिता गेला. मला वाटलं, झालं, ही दोन घरं आता कायमची तुटली. जिंकल्याचा आनंद मला त्या दिवशी झाला नाही, तुला खरं सांगते.

आमच्याकडे रावण उजाडताना निघतो. काल सकाळी बाबाच्या पाठीला तो बांधला. बांधणाऱ्यांनी दोनदा विचारलं, झेपेल का. बाबाने दोऱ्या आणखी आवळायला सांगितल्या. संबळ सुरू झाला आणि बाबा नाचला. विद्या, तुला आठवतात तेच पाय. हळू पडत होते, पण चुकत नव्हते. बायका दारातून कुंकू उडवत होत्या, म्हातारे उठून उभे राहिले. मी अंगणवाडीतल्या पोरांना सांगत होते, बघा, तो माझा बाबा. पन्नाशीची बाई मी, आणि पोरांपुढे मिरवत होते.

देवीच्या मांडवाच्या अलीकडे वाटेच्या कडेला जिवा उभा होता, रामी आणि पोरांबरोबर, गर्दीतल्या कोणाहीसारखा. बाबा त्याच्यासमोर थांबला. नाच थांबला तसा संबळवाला घाबरला, पण बाबाने हाताने खूण केली, वाजव. मग त्याने पाठीच्या दोऱ्या सोडायला सांगितल्या. बांधणाऱ्या दोघांनी दोन बाजूंनी रावण धरला, जमिनीला टेकू दिला नाही, आणि बाबाने तो आपल्या खांद्यावरून उचलून जिवाच्या खांद्यावर ठेवला. संबळ वाजत होता.

बाबा म्हणाला, "नेला होतास. आता देतो. घे."

जिवाच्या पाठीला दोऱ्या बांधल्या, त्याचं तोंड मुखवट्याआड गेलं, पण त्याची छाती कशी हलत होती ते मी पाहिलं. मग तो नाचला. बाबा त्याच्यापुढे वाट मोकळी करत मांडवापर्यंत चालत गेला.

तुझी एवढी मेहनत मांडवाच्या अलीकडेच संपली, रागावू नकोस. मी स्वतः संध्याकाळी त्याच्यावर रागावले. म्हटलं, त्यालाच द्यायचा होता तर दोन वर्षं कोर्ट कशाला केलं, पहिल्याच वर्षी दिला असतास. त्याने माझ्याकडे असं पाहिलं, जणू एवढं साधं मला कळत नाही.

"माझा नव्हता, तर देनार काय होतो?" तो म्हणाला. "आधी माझा पायजे होता."

म्हणून त्याला तारीख हवी होती, विद्या. ठेवायला नव्हे. अंगात उचलून देण्याएवढी ताकद आहे तोवर, स्वतःच्या खांद्यावरून द्यायला. आणि आपण लिहिलं होतं की त्याला हलता येत नाही.

मला भीती होती, सोंग देऊन टाकलं की तो एकदम म्हातारा दिसायला लागेल. तसं झालं नाही. मांडवात समितीच्या माणसांनी त्याच्यासाठी खुर्ची आणली, पहिल्या रांगेत. शेवटचं देवीचं सोंग निघेपर्यंत ऊन डोक्यावर आलं होतं. रामीने त्याला हात धरून बसवायला पाहिलं तर त्याने हात सोडवून घेतला, आणि सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाला, "जव्हारच्या वकीलबाईनं कोर्टात लिहून दिलंय, मी धडधाकट हाय. तिला खोटं पाडू का?"

खुर्ची शेवटपर्यंत रिकामी राहिली.

तुझी,
रावणाची लेक
रंजना